ज्येष्ठता यादी आणि समान संधी : जिल्हा परिषद शिक्षकांच्या पदोन्नतीचा प्रश्न

भारतीय संविधानाच्या सोळाव्या अनुच्छेदाने शासकीय सेवेत समान संधीची जी हमी दिली आहे, ती सेवेत प्रवेश मिळाला की संपत नाही. नियुक्तीनंतरच्या पदोन्नतीलाही ती तितकीच लागू होते, हे न्यायालयांनी वारंवार स्पष्ट केले आहे. मसुद्यात दहावा असलेल्या या अनुच्छेदावर ३० नोव्हेंबर १९४८ रोजी संविधान सभेत चर्चा झाली, तेव्हा डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी दोन तत्त्वांचा मेळ घालण्याची गरज मांडली होती : एक, प्रत्येक पात्र व्यक्तीस समान संधी मिळावी, आणि दोन, ज्या समाजांना प्रशासनाची दारे आजवर बंद होती त्यांना तेथे प्रवेश मिळावा. शिक्षकांच्या पदोन्नतीविषयी आज होणारा जवळजवळ प्रत्येक वाद याच दोन तत्त्वांच्या मधल्या जागेत उभा आहे. मात्र छत्रपती संभाजीनगर जिल्ह्यातील, किंबहुना सबंध मराठवाड्यातील प्राथमिक शिक्षकांच्या वाट्याला येणारा अन्याय बहुतेक वेळा या तत्त्वांच्या संघर्षातून येत नाही, तर त्याहून साध्या कारणातून येतो : वेळेवर न झालेली यादी, न तपासलेली नामावली आणि न भरलेली सभा. प्रस्तुत व्याख्यानाचा विषय मुख्यतः हा आहे.

कायद्याने येथे एक महत्त्वाचा भेद केला आहे. राज्य पुनर्रचनेनंतर हैदराबाद आणि मध्य प्रदेशातून महाराष्ट्राच्या सेवेत आलेल्या विक्रीकर अधिकाऱ्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८१ साली असे म्हटले की, पदोन्नतीसाठी विचार होण्याचा हक्क ही सेवेची अट आहे, पण पदोन्नती मिळण्याची नुसती शक्यता ही सेवेची अट नव्हे. पुढे १९९९ च्या अजितसिंग प्रकरणातील दुसऱ्या निकालात घटनापीठाने, पात्र कर्मचाऱ्याचा पदोन्नतीसाठी विचार होणे हा सोळाव्या अनुच्छेदाखालील मूलभूत हक्क असल्याचे सांगितले. म्हणजे मुख्याध्यापकपद मिळालेच पाहिजे असे कोणताही शिक्षक म्हणू शकत नाही, परंतु जागा रिक्त झाली, नियमाने आपण पात्र आहोत आणि तरीही आपले नाव समितीपुढे आलेच नाही, अशी तक्रार तो निश्चित करू शकतो. या भेदाची दुसरी बाजू मात्र क्वचितच बोलली जाते. एखाद्याला डावलून दुसऱ्याला पदोन्नती दिली, तर आव्हान देण्यासाठी एक आदेश हाती असतो. पण विभागीय पदोन्नती समितीची, म्हणजे पात्र कर्मचाऱ्यांची सेवा व गोपनीय अहवाल तपासून निवडसूची ठरवणाऱ्या समितीची, सभाच झाली नाही, तर कोणाचाच विचार होत नाही, कोणताही आदेश निघत नाही आणि जिल्ह्यातील शेकडो शिक्षकांचा मूलभूत हक्क एकाही कागदावर नोंद न होता मोडला जातो. आदेशाने झालेल्या अन्यायापेक्षा हा अन्याय अधिक मोठा आहे. त्याला दाद मागण्याची जागा सापडत नाही, हेच त्याचे कारण.

शिक्षकांच्या पदोन्नतीची शिडी कशी आहे हे येथे पाहिले पाहिजे. महाराष्ट्र जिल्हा परिषद व पंचायत समिती अधिनियम १९६१ अन्वये १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा अस्तित्वात आल्या आणि ग्रामीण प्राथमिक शाळा त्यांच्याकडे आल्या. सेवाप्रवेशाचे नियम १९६७ साली झाले. सहायक शिक्षक म्हणून रुजू झालेली व्यक्ती पदवी आणि व्यावसायिक अर्हता मिळवून सहावी ते आठवीसाठी पदवीधर शिक्षक होऊ शकते, पदोन्नत मुख्याध्यापक होऊ शकते, तेथून केंद्रप्रमुख आणि शिक्षण विस्तार अधिकारी या पदांपर्यंत जाऊ शकते. केंद्रप्रमुख म्हणजे साधारणतः दहाएक शाळांच्या समूहावर देखरेख करणारा, त्या शाळांतील अध्यापनाला मार्गदर्शन करणारा अधिकारी. हे पद १९९४ नंतर निर्माण झाले. त्याच्या भरतीत सरळसेवा, मर्यादित विभागीय परीक्षा आणि पदोन्नती यांचे प्रमाण किती असावे याविषयी शासनाने भूमिका अनेकदा बदलली. डिसेंबर २०२२ च्या निर्णयाने निम्मी पदे मर्यादित विभागीय परीक्षेतून आणि निम्मी पदोन्नतीने भरण्याचे ठरले. मर्यादित विभागीय परीक्षा म्हणजे बाहेरच्या उमेदवारांना खुली नसलेली, सेवेतील शिक्षकांपुरती स्पर्धा परीक्षा. तिच्या पात्रतेच्या अटींवरून वाद झाले, ते होणारच होते. ज्येष्ठतेने वाट पाहणारा शिक्षक आणि परीक्षेने पुढे जाऊ पाहणारा तरुण शिक्षक या दोघांच्या अपेक्षा रास्त आहेत, पण प्रमाण दर काही वर्षांनी बदलत राहिले की दोघांपैकी कोणालाही आपल्या आयुष्याचा हिशोब मांडता येत नाही.

या सर्व व्यवस्थेचा पाया सेवाज्येष्ठता यादी हा आहे. दरवर्षी १ जानेवारीच्या स्थितीनुसार ती तयार व्हावी, आधी तात्पुरती प्रसिद्ध व्हावी, हरकती मागवाव्यात, त्यांचा निर्णय व्हावा आणि मग अंतिम यादी लागावी, असा क्रम आहे. अनुक्रमांक, नाव, प्रवर्ग, जन्मतारीख, प्रथम नियुक्तीचा दिनांक, शैक्षणिक आणि व्यावसायिक अर्हता, ती प्राप्त केल्याची तारीख आणि शेवटी शेरा असे तिचे रकाने असतात, आणि यांतल्या एकेका रकान्यावर एखाद्या शिक्षकाची दहा-दहा वर्षे अवलंबून असतात. समजा, एकाच निवड यादीतून, एकाच आदेशाने दोन शिक्षकांची नियुक्ती झाली. एकाला शहरालगतची शाळा मिळाली आणि तो त्याच दिवशी दुपारी हजर झाला, दुसऱ्याला सोयगाव तालुक्यातील दूरचे गाव मिळाले आणि तो तिसऱ्या दिवशी हजर झाला. यादी करणाऱ्या लिपिकाने नियुक्तीचा दिनांक म्हणून हजर झाल्याचा दिनांक घेतला, तर गुणवत्ता यादीत वर असलेला दुसरा शिक्षक आयुष्यभरासाठी पहिल्याच्या खाली जातो, आणि त्या दोघांच्या मध्ये त्या आठवड्यात हजर झालेले इतर कितीतरी जण येऊन बसतात. अशीच गोष्ट अर्हतेच्या तारखेची. पदवी पूर्वपरवानगीने घेतली होती काय, निकालाची तारीख धरायची की प्रमाणपत्राची, त्याची नोंद पंचायत समितीत ठेवलेल्या सेवापुस्तकात झाली काय, या प्रश्नांची उत्तरे तालुक्यागणिक वेगळी असू शकतात, आणि नऊ तालुक्यांची माहिती एका यादीत एकत्र आली की हा फरक अन्यायाचे रूप घेतो.

ज्येष्ठता कोठून मोजावी याविषयी तत्त्व मात्र संदिग्ध नाही. महाराष्ट्रातील अभियंत्यांच्याच प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९० साली असा दंडक घालून दिला की, नियमानुसार नियुक्ती झाली असेल तर ज्येष्ठता नियुक्तीच्या दिनांकापासून मोजावी, सेवेत कायम केल्याच्या दिनांकापासून नव्हे. अडचण तत्त्वाच्या अंमलबजावणीत आहे. तात्पुरती यादी शिक्षकांपर्यंत पोहोचते तेव्हा हरकतीसाठी मोजके दिवस उरलेले असतात, हरकत फेटाळली गेली तर कारणांची नोंद असलेले पत्र मिळतेच असे नाही, आणि पुढच्या वर्षीच्या यादीत तीच चूक जशीच्या तशी उतरते. हरकतीचा लेखी, कारणांसह निर्णय देणे ही प्रशासनाची मेहेरबानी समजली जाते, हे या व्यवस्थेचे सर्वांत मोठे वैगुण्य मानावे लागेल.

दाद मागण्याच्या बाबतीतही जिल्हा परिषदेचा शिक्षक इतर शासकीय कर्मचाऱ्यांच्या तुलनेत मागे राहतो. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांच्या सेवाविषयक वादांसाठी असलेल्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचे खंडपीठ छत्रपती संभाजीनगर शहरातच आहे, पण जिल्हा परिषदेचे कर्मचारी त्याच्या कक्षेत येत नाहीत. त्यांना विभागीय आयुक्तांकडे जावे लागते किंवा थेट उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल करावी लागते. मुंबई उच्च न्यायालयाचे खंडपीठ येथे ऑगस्ट १९८१ मध्ये सुरू झाले, त्यामुळे मराठवाड्यातील शिक्षकाला मुंबईला जावे लागत नाही हे खरे. परंतु प्राथमिक शिक्षकाने मुख्याध्यापकपदाच्या ज्येष्ठतेसाठी उच्च न्यायालयाची पायरी चढावी आणि निकाल लागेपर्यंत वयाची अठ्ठावन्न वर्षे पूर्ण करून निवृत्त व्हावे, अशी रचना न्याय्य म्हणता येणार नाही.

या दिरंगाईची किंमत प्रभारी व्यवस्थेत दिसते. पद रिक्त आहे, पदोन्नतीची प्रक्रिया रखडली आहे, म्हणून शाळेतील एका सहायक शिक्षकाकडे मुख्याध्यापकाचा पदभार दिला जातो. विस्तार अधिकाऱ्याकडे गटशिक्षणाधिकाऱ्याचा आणि शिक्षकाकडे किंवा मुख्याध्यापकाकडे केंद्रप्रमुखाचा पदभार जातो. प्रभारी मुख्याध्यापकाने शालेय पोषण आहाराचा हिशोब ठेवायचा, यूडायस या शालेय माहिती प्रणालीत माहिती भरायची, शाळा व्यवस्थापन समितीच्या सभा घ्यायच्या, तपासणीला उत्तरे द्यायची आणि शिवाय स्वतःचा वर्गही सांभाळायचा. वेतन मात्र सहायक शिक्षकाचेच, आणि पदभाराची ही वर्षे ज्येष्ठतेत किंवा पदोन्नतीत कोठेही धरली जात नाहीत. याहून गंभीर बाब अशी की, पदोन्नती नियमाने होते, तर पदभार देण्यात सोय, जवळीक आणि अधिकाऱ्याची मर्जी यांना वाव राहतो. एखाद्या तालुक्यात अनेक वर्षे पदे प्रभारींवर चालत असतील, तर त्या तालुक्यात समान संधीचा अनुच्छेद प्रत्यक्षात स्थगित झालेला असतो, असेच म्हटले पाहिजे.

रिक्त पद म्हणजे काय, हाही सरळ प्रश्न राहिलेला नाही. १ एप्रिल २०१० पासून अमलात आलेल्या शिक्षणहक्क कायद्याच्या अनुसूचीत प्राथमिक स्तरावर १५० हून अधिक आणि उच्च प्राथमिक स्तरावर १०० हून अधिक पट असल्यास मुख्याध्यापकाची तरतूद आहे. पटसंख्येवरून दरवर्षी शाळेची शिक्षकसंख्या ठरवण्याच्या प्रक्रियेला संचमान्यता म्हणतात आणि तिच्यासाठी ३० सप्टेंबरचा पट पाहिला जातो. गावातील मुले पालकांबरोबर वाळूज किंवा शेंद्र्याच्या औद्योगिक वसाहतीकडे गेली, काही इंग्रजी माध्यमाच्या बसमध्ये बसू लागली, काहींची आधार नोंदणी वेळेत जुळली नाही, आणि पट निकषाखाली घसरला की त्या गावातले मुख्याध्यापकाचे पद जाते. त्या पदावर नजर ठेवून असलेल्या शिक्षकाची पदोन्नती जाते आणि पदावर असलेला मुख्याध्यापक अतिरिक्त ठरतो. ज्या कारणांवर शिक्षकाचा काडीचाही ताबा नाही, त्या कारणांनी त्याची पदोन्नती ठरावी, ही गोष्ट पटसंख्येच्या निकषाचे समर्थन करणाऱ्यांनीही विचारात घेतली पाहिजे.

समान वागणुकीचा विचार करताना स्त्री शिक्षकांचा प्रश्न वेगळा काढावा लागतो, आणि तो येथे थोडा विस्ताराने मांडणे आवश्यक आहे. सरळसेवा भरतीत महिलांसाठी ३० टक्के समांतर आरक्षण असल्यामुळे प्राथमिक शाळांत शिक्षिका मोठ्या संख्येने आल्या. परंतु प्राथमिक शिक्षकाचे पद जिल्हास्तरीय असल्याने ज्येष्ठताही जिल्ह्यापुरतीच असते. एखादी शिक्षिका दुसऱ्या जिल्ह्यात नोकरीला लागली आणि विवाहानंतर पती-पत्नी एकत्रीकरणाच्या सवलतीने आंतरजिल्हा बदली घेऊन या जिल्ह्यात आली, तर तिचे वेतन, रजा आणि निवृत्तिवेतनासाठीची सेवा कायम राहते, पण ज्येष्ठता यादीत ती नव्या जिल्ह्यात हजर झाल्याच्या दिवसापासून शेवटच्या क्रमांकावर जाते. ‘ज्येष्ठता शून्य झाली’ असे शिक्षक ज्याला म्हणतात ते हेच. बदली विनंतीवरून झाली, म्हणून ज्येष्ठता सोडावी लागते, हे समर्थन कायद्याच्या दृष्टीने टिकते, आणि येथे आधीपासून काम करणाऱ्यांवर अन्याय होऊ नये हा त्यामागचा हेतूही चुकीचा नाही. तरीही हा नियम सर्वांना सारखा दिसत असला तरी त्याचा भार सर्वांवर सारखा पडत नाही, कारण विवाहानंतर गाव आणि जिल्हा सोडण्याची वेळ आपल्या समाजात बहुतांशी स्त्रीवरच येते. बारा वर्षांचा अनुभव असलेली शिक्षिका काल लागलेल्या शिक्षकाच्या खाली उभी राहते, तेव्हा हानी केवळ तिची होत नाही. तिच्या हाताखाली चालू शकली असती अशी एखादी शाळाही त्या अनुभवाला मुकते. पदोन्नतीसाठीच्या अर्हताकारी सेवेत, म्हणजे पदोन्नतीस पात्र ठरण्यासाठी लागणाऱ्या किमान सेवेत, मागील जिल्ह्यातील वर्षे धरली जावीत आणि मर्यादित विभागीय परीक्षेसाठी राज्यातील एकूण सेवा पाहिली जावी, एवढे केले तरी स्थानिकांची ज्येष्ठता न बिघडवता हा भार बराच हलका होऊ शकेल.

पदोन्नती मिळाल्यावरही प्रश्न संपत नाही. पूर्वी पदस्थापनेचे, म्हणजे कोणत्या शाळेवर नेमायचे याचे, आदेश कार्यालयातून थेट निघत. समुपदेशनाची पद्धत आल्यापासून ज्येष्ठतेच्या क्रमाने नावे पुकारली जातात, रिक्त शाळांची यादी सर्वांसमोर असते आणि प्रत्येकाने आपल्या पाळीला शाळा निवडायची असते. ही सुधारणा मोलाची आहे. मात्र समुपदेशनाला मांडलेल्या यादीत सर्व रिक्त पदे असतील तरच ती सुधारणा ठरते. सोयीची काही पदे आधीच बाजूला ठेवली गेली, तर सभागृहात पुकारलेल्या क्रमाला अर्थ उरत नाही. पाळी येईपर्यंत कन्नडच्या घाटाखालच्या किंवा वैजापूरच्या टोकाच्या शाळाच शिल्लक राहिल्या, घरी लहान मूल किंवा अंथरुणाला खिळलेले वडीलधारे असले, आणि वरिष्ठ वेतनश्रेणी आधीच मिळाल्यामुळे वेतनात फारसा फरक पडणार नसला, की शिक्षक पदोन्नती नाकारतो. असे नकार देणाऱ्यांत शिक्षिका किती आहेत याची नोंद प्रत्येक समुपदेशनानंतर जाहीर व्हायला हवी, कारण नकाराच्या अर्जावर ‘स्वेच्छेने’ असे लिहिलेले असले तरी त्या स्वेच्छेमागची परिस्थिती प्रशासनाला ठाऊक असते.

वरिष्ठ वेतनश्रेणीचा उल्लेख झाला, तो थोडा स्पष्ट केला पाहिजे. पदे थोडी आणि शिक्षक फार, म्हणून बहुसंख्य शिक्षक ज्या पदावर लागतात त्याच पदावरून निवृत्त होतात. ही कोंडी ओळखून प्रा. डी. पी. चट्टोपाध्याय यांच्या अध्यक्षतेखालील राष्ट्रीय शिक्षक आयोगाच्या शिफारशींच्या आधारे बारा वर्षांनी वरिष्ठ आणि चोवीस वर्षांनी निवड वेतनश्रेणी देण्याची पद्धत सुरू झाली. शिक्षकांच्या बोलण्यात ती आजही ‘चट्टोपाध्याय’ याच नावाने ओळखली जाते. निवड श्रेणी मात्र वरिष्ठ श्रेणीतील २० टक्के शिक्षकांपुरतीच आहे. वेतनश्रेणीने पदोन्नतीच्या अभावाची काही भरपाई होते, पण शाळेचे नेतृत्व करण्याची संधी वेतनाने भरून निघत नाही.

आरक्षणाचा प्रश्न येथे टाळून चालणार नाही. बिंदुनामावली म्हणजे कोणत्या क्रमाचे पद कोणत्या प्रवर्गासाठी आहे हे दाखवणारी नोंदवही. ती विभागीय आयुक्त कार्यालयातील मागासवर्ग कक्षाकडून तपासून घेतल्याशिवाय पदोन्नतीचा प्रस्ताव पुढे सरकत नाही. १९९२ च्या इंद्रा साहनी निकालाने पदोन्नतीतील आरक्षण अमान्य केले, १९९५ च्या ७७ व्या घटनादुरुस्तीने अनुसूचित जाती व जमातींसाठी ते पुन्हा शक्य केले, आणि २००६ च्या नागराज निकालाने प्रतिनिधित्वाच्या अपुरेपणाची माहिती व प्रशासनाच्या कार्यक्षमतेचा विचार अशा अटी घातल्या. महाराष्ट्रात अनुसूचित जाती, जमाती, विमुक्त जाती, भटक्या जमाती आणि विशेष मागास प्रवर्ग यांना मिळून ३३ टक्के पदोन्नती आरक्षण देणारा २५ मे २००४ चा शासन निर्णय उच्च न्यायालयाने ४ ऑगस्ट २०१७ रोजी रद्द केला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि ७ मे २०२१ च्या शासन निर्णयाने पदोन्नतीची पदे २५ मे २००४ च्या स्थितीतील ज्येष्ठतेनुसार भरण्याचे ठरले. २००६ पासून जी माहिती गोळा करणे आवश्यक होते ती प्रत्येक संवर्गासाठी वेळेत आणि नीट गोळा झाली असती, तर हा गुंता इतका वाढला नसता. मागासवर्गीय शिक्षक आणि खुल्या प्रवर्गातील शिक्षक यांना एकमेकांचे प्रतिस्पर्धी ठरवून या प्रश्नाची चर्चा केली जाते, ती दोघांवरही अन्याय करणारी आहे. दोघांचीही पदोन्नती अडली ती प्रशासनाने आपले काम पुरे न केल्यामुळे. मिलिंद महाविद्यालयाच्या या शहरात, जेथे शिक्षणाने वंचितांना सार्वजनिक सेवेची वाट प्रथमच मोकळी करून दिली, तेथे ही गोष्ट उघडपणे सांगितली गेली पाहिजे. संविधानाच्या ३७१(२) या अनुच्छेदात मराठवाडा, विदर्भ आणि उर्वरित महाराष्ट्र यांसाठी राज्याच्या सेवांतील पुरेशा संधींची न्याय्य व्यवस्था करण्याचा उल्लेख आहे. निजामी राजवटीत शाळांपासून दूर राहिलेल्या या प्रदेशात त्या तरतुदीचा आधार शिक्षकांच्या पदोन्नतीच्या संदर्भात फारसा कोणी घेतलेला नाही.

या सर्व जुन्या प्रश्नांत आता नव्या निकालाची भर पडली आहे. महाराष्ट्रातूनच उद्भवलेल्या अंजुमन इशात-ए-तालीम ट्रस्टच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १ सप्टेंबर २०२५ रोजी असा निर्णय दिला की, शिक्षणहक्क कायद्यापूर्वी नेमलेल्या आणि पाच वर्षांहून अधिक सेवा शिल्लक असलेल्या शिक्षकांनी दोन वर्षांत शिक्षक पात्रता परीक्षा उत्तीर्ण व्हावी. पाच वर्षांहून कमी सेवा उरलेले शिक्षक परीक्षेविना निवृत्तीपर्यंत काम करू शकतील, पण परीक्षा उत्तीर्ण झाल्याशिवाय त्यांना पदोन्नती मिळणार नाही. मुलांना अर्हताप्राप्त शिक्षक मिळावा हा निकालाचा गाभा आहे आणि त्याला विरोध करण्याचे कारण नाही. परंतु २००० साली त्या वेळच्या सर्व अटी पूर्ण करून लागलेला शिक्षक, ज्याची पदोन्नती केवळ यादी रखडल्यामुळे २०१८ ऐवजी आजवर झालेली नाही, तो आता परीक्षेच्या अटीमुळे अपात्र ठरतो. त्याच्याच बरोबर लागलेला आणि ज्याच्या जिल्ह्यात यादी वेळेवर लागली तो शिक्षक मात्र केव्हाच मुख्याध्यापक झालेला असतो. येथे गुणवत्तेचा प्रश्न उद्भवतच नाही. एकाच राज्यातील दोन समान शिक्षकांना दोन कार्यालयांच्या वेगवेगळ्या गतीने असमान केले, एवढाच त्याचा अर्थ होतो.

म्हणून ज्या जिल्हा परिषदांत पदोन्नतीच्या सभा वर्षानुवर्षे झाल्या नाहीत, त्यांनी प्रत्येक रखडलेल्या वर्षाची स्वतंत्र निवडसूची करावी, त्या वर्षी लागू असलेल्या अर्हतेनुसार कोण पात्र होते हे लेखी नोंदवावे, आणि अशा शिक्षकांचे प्रकरण कायद्याच्या चौकटीत काय करता येईल याच्या निर्णयासाठी राज्य शासनाकडे पाठवावे. ज्यांना परीक्षा द्यावी लागणार आहे, त्यांच्यासाठी जिल्हा शिक्षण व प्रशिक्षण संस्थेत कामाच्या वेळेत, मराठी आणि उर्दू दोन्ही माध्यमांतून तयारीचे वर्ग सुरू करावेत. निकालाने दिलेली दोन वर्षांची मुदत ऑगस्ट २०२७ अखेर पूर्ण होते; त्याआधी १ जानेवारी २०२७ ची ज्येष्ठता यादी लागायची आहे, आणि तिच्यात प्रत्येक शिक्षकापुढे परीक्षेचा नवा रकाना असेल. तो रकाना भरण्यापूर्वी जुन्या रकान्यांतील चुका दुरुस्त करून, प्रत्येक हरकतीला कारणांसह उत्तर देऊन ती यादी शाळाशाळांतून लावणे, हे काम जिल्हा परिषदेच्या शिक्षण विभागाला आजपासून हाती घेता येण्याजोगे आहे आणि त्यासाठी कोणत्याही नव्या शासन निर्णयाची गरज नाही.